‘मागे घेतल्याने निकाली’

तडीपारीचा आदेश महाराष्ट्र पोलीस कायद्याच्या कलम ५८ नुसार जास्तीत जास्त दोन वर्षांचा असतो. एमपीडीएखालची (धोकादायक व्यक्तींविरुद्धच्या राज्याच्या प्रतिबंधक कायद्याखालची) स्थानबद्धता जास्तीत जास्त बारा महिन्यांची. जमावबंदीचा आदेश (पूर्वी फौजदारी प्रक्रिया संहितेचे कलम १४४, आणि १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचे कलम १६३) एरवी दोन महिन्यांपलीकडे जात नाही. तिन्ही आदेशांना उच्च न्यायालयात आव्हान देता येते. ते आव्हान अंतिम सुनावणीला येईपर्यंत आदेशाचीच मुदत संपून जाणे, हेही आता कोणाला नवल वाटण्यासारखे राहिलेले नाही. मग वकील उभे राहतात, याचिका ‘इन्फ्रक्चुअस’, म्हणजे निष्फळ, झाल्याचे सांगतात, ती मागे घेण्याची परवानगी मागतात, आणि हुकूम होतो: याचिका मागे घेतल्याने निकाली, खर्चाबाबत हुकूम नाही.

या हुकमावर कोणाचीच तक्रार नसते. खंडपीठाच्या बोर्डावरचे (सुनावणीच्या यादीतले) एक प्रकरण कमी होते. सरकारी वकिलांना सदोष आदेशाचे समर्थन करावे लागत नाही. याचिकाकर्ता सुटला म्हणून समाधानी असतो. पण आदेश मुळात बेकायदा होता का, तो कोणी आणि कधी मागे घेतला, याचिकाकर्त्याने मधल्या काळात काय सोसले, अंतरिम आदेशाने मिळालेल्या गोष्टींचे पुढे काय, यातले काहीही कागदावर उतरत नाही. निष्फळ झालेली याचिका तत्काळ मागे घ्यावी, यात वाद नाही. वाद आहे तो ती एका ओळीत निकाली काढण्याबद्दल. मागे घेण्याचे कारण आणि परिणाम त्याच हुकमात नोंदवले गेले पाहिजेत. ते नोंदवून घेण्याची जबाबदारी आधी याचिकाकर्त्याच्या वकिलाची आणि मग न्यायालयाची.

पहिला प्रश्न अर्थातच, याचिका खरोखर निष्फळ झाली आहे का? कसोटी सोपी आहे. याचिका आज पूर्णपणे मंजूर झाली, तर त्या हुकमाने कोणाच्या तरी स्थितीत काही फरक पडेल का? पडत असेल, तर वाद जिवंत आहे. ही कसोटी संपूर्ण याचिकेला एकदम लावायची नसते. विनंती कलमातली प्रत्येक मागणी, (अ), (ब), (क), स्वतंत्रपणे तपासायची असते, आणि गफलत बहुतेक वेळा इथेच होते. तडीपारीचेच घ्या. दोन वर्षे संपली म्हणून आदेश संपला हे खरे, पण त्याच माणसाविरुद्ध पुढचा प्रस्ताव तयार होतो तेव्हा जुना आदेश पूर्वेतिहास म्हणून त्यात लिहिला जातो. मुदत संपलेला आदेश आणि रद्द झालेला आदेश यांत तिथे जमीन-अस्मानाचा फरक पडतो.

नोकरीच्या प्रकरणांत ही चूक सर्वांत महाग पडते. जिल्हा परिषदेच्या कर्मचाऱ्याला डावलून कनिष्ठाला पदोन्नती दिली, म्हणून त्याने उच्च न्यायालयात याचिका केली. (राज्य शासनाचा कर्मचारी असता तर आधी मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, जावे लागले असते.) तीन वर्षांनी प्रशासन त्याला पदोन्नती देते, सरकारी वकील आदेशाची प्रत दाखवतात, आणि याचिका मागे घेतली जाते. पदोन्नती मात्र आदेशाच्या तारखेपासूनची असते. मानीव दिनांक (पदोन्नती ज्या तारखेपासून मिळाली असे धरायचे ती तारीख), त्यावर अवलंबून असलेली ज्येष्ठता, वेतननिश्चिती, थकबाकी आणि शेवटी निवृत्तिवेतन हे सगळे वाऱ्यावर राहते. पदोन्नती मिळाल्याने एक मागणी संपली होती, मानीव दिनांकाची मागणी जिवंत होती. ती याचिकेत स्पष्ट लिहिलेली नसेल, तर मागे घेण्याचा नव्हे, याचिकेत दुरुस्ती करण्याचा अर्ज द्यायला हवा होता.

फौजदारी बाजूलाही असेच एक प्रकरण वारंवार दिसते. एफआयआर रद्द करण्याची याचिका प्रलंबित असताना पोलीस दोषारोपपत्र दाखल करतात, आणि आता याचिका निष्फळ झाली असे तपास यंत्रणा म्हणते. आनंद कुमार मोहट्टा प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने हे म्हणणे मान्य केले नाही. दोषारोपपत्र आले तरी उच्च न्यायालयाचा अधिकार संपत नाही. दोषारोपपत्र आव्हानात समाविष्ट करून घ्यायचे आणि पुढे चालायचे. अटकपूर्व जामिनाचा अर्ज मात्र अटक झाल्यावर खरोखरच निष्फळ होतो, तिथे रेंगाळण्यात अर्थ नाही.

आता सरकारने स्वतःहून आदेश मागे घेतल्याची स्थिती. सुनावणी न देता काढलेला आदेश न्यायालयात टिकणार नाही हे लक्षात आले, की सहायक सरकारी वकील निवेदन करतात: आदेश मागे घेत आहोत, बाजू ऐकून नव्याने निर्णय घेऊ. याचिका निकाली निघते, ‘सर्व मुद्दे खुले’ राहतात, आणि काही आठवड्यांनी तोच आदेश, त्याच मजकुराचा, फक्त वर ‘सुनावणी दिली’ असे एक वाक्य जोडून हातात पडतो. याचिकाकर्ता पुन्हा पहिल्या पायरीवर, नवी कोर्ट फी, नवे वकीलपत्र. यावर उपाय आहे आणि तो अवघड नाही. आदेश मागे घेतल्याचे तोंडी सांगणे पुरेसे मानू नये. सक्षम अधिकाऱ्याच्या सहीचा, जावक क्रमांक आणि तारीख असलेला आदेश मागावा आणि तो हुकमात क्रमांकासह नोंदवून घ्यावा. तो अजून निघायचा असेल, तर केलेले निवेदन ‘न्यायालयाला दिलेली हमी म्हणून स्वीकारले’ हे शब्द हुकमात आलेच पाहिजेत. न्यायालय अवमान कायदा १९७१ च्या कलम २(ब) मध्ये दिवाणी अवमानाच्या व्याख्येत न्यायालयाला दिलेल्या हमीचा हेतुपुरस्सर भंग स्पष्टपणे येतो. नुसत्या निवेदनाचा भंग झाला तर ते निवेदन हमी होते की नव्हते यावरच पहिल्या दोन-तीन तारखा जातात. अवमानाची कारवाई सुरू करायला कलम २० प्रमाणे एक वर्षाची मुदत आहे, हेही ध्यानात असू द्यावे.

मागे घेण्याचा कायदा नेमका काय सांगतो, ते पाहू. दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश २३ नियम १ वादीला दावा कधीही सोडून देण्याची मुभा देतो. पण त्याच नियमाचा पोटनियम (४) म्हणतो, की न्यायालयाच्या परवानगीशिवाय दावा मागे घेतला, तर त्याच विषयावर पुन्हा दावा आणता येणार नाही आणि न्यायालय ठरवील तो खर्चही द्यावा लागेल. पुन्हा येण्याची मुभा हवी असेल तर पोटनियम (३) खाली औपचारिक दोष किंवा पुरेसे कारण दाखवावे लागते. वादी अनेक असतील तर इतरांच्या संमतीशिवाय एकाला मागे घेण्याची परवानगी देता येत नाही. वादी अज्ञान (अल्पवयीन) असेल तर न्यायालयाची अनुमती लागते, आणि माघार त्याच्या हिताची आहे असे वकिलाचे प्रमाणपत्रही.

रिट याचिकांना, म्हणजे अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयात केलेल्या याचिकांना, ही संहिता थेट लागू होत नाही. तिच्या कलम १४१ चे स्पष्टीकरणच तसे सांगते. तरीही १९८६ च्या सरगुजा ट्रान्सपोर्ट निकालात सर्वोच्च न्यायालयाने आदेश २३ मागचे तत्त्व लोकधोरण म्हणून अनुच्छेद २२६ च्या याचिकांना लावले. मुभा न घेता रिट मागे घेतली, तर त्याच कारणासाठी पुन्हा रिट नाही. दावा किंवा अन्य मार्ग बंद होत नाहीत, आणि व्यक्तिस्वातंत्र्याच्या, हेबियस कॉर्पससारख्या (बेकायदा अटकेतून सोडवण्यासाठीच्या) याचिका यातून वगळल्या आहेत. म्हणजे निष्फळ याचिका मागे घेतानाही ‘नवे कारण घडल्यास पुन्हा येण्याची मुभा राखून’ हे शब्द हवेत. कोणी म्हणेल, नवे कारण घडले तर मुभेची गरजच काय, ते तर वेगळेच वादकारण. तत्त्वतः बरोबर. पण ते वेगळे आहे हे पटवून देण्यात प्रतिवादीच्या प्राथमिक आक्षेपावर खर्ची पडणारे दिवस त्या पाच-सात शब्दांनी वाचतात.

मुभा म्हणजे मुदत नव्हे, हा यातला सर्वांत लपलेला खड्डा. आदेश २३ नियम २ म्हणतो, की परवानगीने आणलेल्या नव्या दाव्याला मुदतीचा कायदा जणू पहिला दावा झालाच नव्हता असा लागू होतो. मुदत कायद्याच्या कलम १४(३) मध्ये अपवाद आहे, तो अधिकारक्षेत्राच्या दोषामुळे किंवा तशाच कारणाने पहिला दावा टिकणार नव्हता म्हणून परवानगी दिली असेल तेवढ्यापुरता. ‘वाद संपला म्हणून मागे घेतले’ या कारणाला तो आधार मिळणे कठीण. निवडणुकीच्या बाबतीत तर दिवस मोजावे लागतात. विधानसभेच्या उमेदवाराचा अर्ज फेटाळल्याविरुद्धची रिट मतदानानंतर अर्थशून्य झाली म्हणून निवांत मागे घेणाऱ्याला, निवडणूक याचिकेची ४५ दिवसांची मुदत तोवर निघून गेल्याचे नंतर कळते.

अंतरिम आदेशांचा भाग वकील मंडळी सर्वांत हलक्यात घेतात. मूळ याचिका संपली की अंतरिम आदेश तिच्याबरोबर संपतो, आणि त्याने मिळालेला फायदा याचिका मागे घेऊन खिशात टाकता येत नाही. कलाभारती ॲडव्हर्टायझिंग प्रकरणात २०१० साली सर्वोच्च न्यायालयाने हे पुन्हा ठासून सांगितले. याचा फटका कोणाला बसतो? जात वैधता प्रमाणपत्र वेळेत न मिळाल्याने ज्याला न्यायालयाच्या अंतरिम आदेशाने तात्पुरता प्रवेश मिळाला, अशा विद्यार्थ्याला. समिती पुढे वैधता देते, सगळे सुटल्यासारखे वाटते आणि याचिका मागे घेतली जाते. पण प्रवेश ‘याचिकेच्या निकालाच्या अधीन’ होता, आणि याचिकेला निकालच नाही, नुसती माघार आहे. विद्यापीठ पात्रता देताना किंवा पदवी प्रमाणपत्राच्या वेळी हा कागद पुढे करते. योग्य मार्ग हा की वैधता प्रमाणपत्र शपथपत्रासह दाखल करावे, प्रवेश नियमित केल्याचा हुकूम घ्यावा, आणि त्याच हुकमाने याचिका निकाली काढून घ्यावी. मागे घेऊ नये, मंजूर करून घ्यावी.

पैशांचेही तसेच. स्थगितीच्या अटीपोटी न्यायालयात भरलेली रक्कम किंवा दिलेली बँक गॅरंटी आपोआप परत येत नाही. रक्कम जमलेल्या व्याजासह परत देण्याचे, गॅरंटी मुक्त करण्याचे शब्द त्याच हुकमात नसतील तर निकाली प्रकरणात नवा अर्ज करावा लागतो, आणि निकाली प्रकरण बोर्डावर आणणे हे स्वतंत्र दिव्य आहे.

अपिलात वाद संपला असेल तर आणखी एक गाठ. अपील मागे घेतले की खालच्या कोर्टाचा हुकूमनामा जसाच्या तसा उभा राहतो. पक्षकारांनी आपसांत वेगळे काही ठरवले असेल, तर आदेश २३ नियम ३ खाली तडजोडपत्र दाखल करून हुकूमनामा त्याप्रमाणे बदलून घेतला पाहिजे. नुसत्या माघारीने ते होत नाही.

इथवर खासगी हिताच्या याचिका झाल्या. जनहित याचिकेत माघार हा याचिकाकर्त्याचा हक्कच नाही. तुरुंगांतल्या मुलांच्या प्रकरणात शीला बारसे यांनी १९८८ मध्ये याचिका मागे घेण्याची परवानगी मागितली, तेव्हा सर्वोच्च न्यायालयाने ती नाकारली, त्यांचे नाव वगळले आणि प्रकरण पुढे चालवले. ज्यांच्यासाठी याचिका आहे त्यांचे हित याचिका आणणाऱ्याच्या इच्छेपेक्षा मोठे, हे त्यामागचे तत्त्व. हेच तत्त्व सरकारी आदेशांना आव्हान देणाऱ्या वैयक्तिक याचिकांतही काही अंशी लावले पाहिजे. जमावबंदी दोन महिन्यांनी संपते आणि तिसऱ्या महिन्यात पुन्हा लागू होते. प्रत्येक आदेश अल्पायुषी असेल तर त्याच्या वैधतेचा फैसला कधीच होणार नाही. ‘पुन्हा घडण्याजोगे, पण दरवेळी तपासणीतून निसटणारे’ अशा वादांचा अपवाद अमेरिकी न्यायालयांनी शतकभरापूर्वीपासून मानला आहे. आपल्याकडे न्यायालयांना तसे करण्याचा अधिकार आहे, वापर मात्र ज्या त्या खंडपीठाच्या मनावर.

मोठ्या प्रकरणांत हा अधिकार वापरला गेल्याची उदाहरणे आहेत. नोटाबंदी २०१६ ची. सुनावणीला आली तेव्हा प्रश्न केवळ तात्त्विक उरला आहे असे केंद्राचे म्हणणे होते. घटनापीठाने तरीही प्रकरण ऐकले आणि २ जानेवारी २०२३ रोजी चार विरुद्ध एक असा निकाल दिला. राजद्रोहाचे कलम १२४अ जाऊन नवी संहिता येणार म्हणून सुनावणी पुढे ढकलावी ही विनंती सप्टेंबर २०२३ मध्ये नाकारली गेली, कारण नवा कायदा जुन्या खटल्यांना पुसून टाकत नव्हता. महाराष्ट्राच्या सत्तासंघर्षात ११ मे २०२३ च्या निकालाने जुने सरकार परत आले नाही. मुख्यमंत्र्यांनी बहुमत चाचणीला सामोरे न जाता राजीनामा दिल्याने ते आणता येत नाही असे न्यायालय म्हणाले. पण राज्यपालांनी ती चाचणी बोलावणे समर्थनीय नव्हते हेही त्याच निकालात लिहिले गेले. दाद देता येत नाही आणि प्रश्नच उरला नाही, या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. उलट टोकाला तीन कृषी कायदे. जानेवारी २०२१ मध्ये स्थगिती, न्यायालयाची समिती, तिचा बंद पाकिटातला अहवाल, आणि वर्षाअखेर कायदेच रद्द. त्यांच्या घटनात्मकतेवर न्यायालयाचा शब्द कधी आलाच नाही. अहवाल शेवटी समितीचे सदस्य अनिल घनवट यांनीच मार्च २०२२ मध्ये लोकांपुढे ठेवला.

आता खर्च. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ३५ चा मूळ नियम हरणाऱ्याने खर्च द्यावा हा, आणि तसे करायचे नसेल तर न्यायालयाने लेखी कारण द्यावे असे तेच कलम म्हणते. निष्फळ प्रकरणात हारजीत ठरलेली नसते, म्हणून ‘खर्चाबाबत हुकूम नाही’ हे वाक्य सवयीने येते. कारण न देता. किंबहुना आदेश २३ नियम १ चे शब्द पाहिले तर खर्चाचा बोजा मागे घेणाऱ्यावरच पडू शकतो. हे उलटे आहे. याचिका दाखल झाल्यावर, नोटीस बजावल्यावर आणि पहिल्या-दुसऱ्या तारखेला न्यायालयाने खडे बोल सुनावल्यावर जर प्रशासनाने आदेश मागे घेतला असेल, तर ती याचिका यशस्वी झाली आहे. तिचा खर्च प्रशासनाने द्यायला हवा, आणि दाखल करण्यापूर्वी पाठवलेल्या लेखी निवेदनाला उत्तर दिले नसेल तर तो वाढीव असावा. कोर्ट फी, टायपिंग, प्रती, वकिलांची फी यांचे तपशीलवार विवरण मागे घेण्याच्या दिवशी हातात असेल तर खर्चाची मागणी करता येते. ‘योग्य तो हुकूम व्हावा’ म्हटले तर हाती काही लागत नाही.

यावरचा आक्षेप ठाऊक आहे. देशभरात ५ कोटींहून अधिक प्रकरणे प्रलंबित असताना मेलेल्या याचिकेचे शवविच्छेदन करायला वेळ कुठला? आक्षेप खोटा नाही. पण मागणी गुणवत्तेवर निकालाची नाही, पाच-सहा ओळींची आहे, आणि त्या ओळींचा मसुदा याचिकाकर्त्याच्या वकिलांनी तयार करून आणायचा आहे. वेळ खरा जातो तो दुसरीकडे. ज्या याचिका वर्षांपूर्वीच निष्फळ झाल्या आणि कोणी येऊन सांगितले नाही, त्या ‘रूल’ होऊन (सुनावणीसाठी दाखल करून घेतल्या जाऊन) अंतिम सुनावणीच्या यादीत पडून राहतात. पक्षकाराचे काम झालेले असते, तो वकिलांचा फोन घेत नाही. वकील लेखी सूचनेशिवाय मागे घेऊ शकत नाहीत. मग दहा-बारा वर्षांनी प्रकरण बोर्डावर येते आणि कागद शोधण्यासाठी तारीख मागितली जाते. शिपिंग कॉर्पोरेशन विरुद्ध मचाडो ब्रदर्स या २००४ च्या निकालाने नंतरच्या घटनेमुळे निष्फळ झालेला दावा दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १५१ खाली न्यायालयाने स्वतः संपवावा असे सांगितले आहे. म्हणजे वादीने मागे घेतला नाही तरी प्रतिवादी तसा अर्ज देऊ शकतो. हा अर्ज क्वचितच दिला जातो, कारण प्रलंबित वादाचा फायदा अनेकदा त्यालाही हवा असतो.

प्रत्यक्ष कामाचा क्रम असा. पक्षकाराची लेखी, तारखेसह सूचना घ्यावी आणि त्यात कोणती मागणी संपली, कोणती नाही, हे त्याच्या भाषेत लिहून घ्यावे. खालच्या कोर्टात विड्रॉल पुरसिसवर (मागे घेत असल्याच्या लेखी निवेदनावर) पक्षकार आणि वकील दोघांची सही लागते, आणि तिच्यावरून निशाणी १ (मूळ दाव्याचा कागद) खाली अंतिम हुकूम होतो. निशाणी ५ चा मनाई अर्ज प्रलंबित असेल तर त्याचाही उल्लेख पुरसिसमध्ये करावा. उच्च न्यायालयात प्रॅसिपी (लेखी विनंती) देऊन प्रकरण बोर्डावर घ्यावे, विरुद्ध बाजूच्या वकिलांना आधी कळवावे, आणि बदललेल्या स्थितीचा कागद शपथपत्रावर असावा. अनेक याचिकाकर्त्यांपैकी काहींनाच दाद मिळाली असेल तर तेवढीच नावे वगळावीत.

हुकूम संकेतस्थळावर आला की त्याच दिवशी शब्दन् शब्द वाचावा. ‘मुभा’ शब्द सुटला असेल, आदेशाचा क्रमांक चुकला असेल, तर मुंबईत ‘स्पीकिंग टू द मिनिट्स’ने, म्हणजे हुकमातली चूक त्याच न्यायालयाच्या नजरेस आणून, दुरुस्ती होते. ती लेखनदोषापुरतीच, कोर्टासमोर न बोललेली गोष्ट त्यातून घुसवता येत नाही. मग प्रमाणित प्रत काढावी. जमिनीचा वाद असेल, तर महाराष्ट्रात नोंदवलेली लिस पेंडन्सची (मिळकतीवर दावा प्रलंबित असल्याची) नोटीस सब-रजिस्ट्रारकडे तशीच असते. सातबाऱ्याच्या इतर हक्कात घेतलेली ‘न्यायालयीन वाद’ ही नोंदही हुकमाने पुसली जात नाही. प्रमाणित प्रत जोडून तलाठ्याकडे अर्ज द्यावा लागतो, फेरफार व्हावा लागतो. तो झाला नाही तर वाद संपून वर्षे लोटली तरी बँकेच्या पॅनेलवरचा वकील शोध अहवालात ‘दावा प्रलंबित’ असेच लिहितो.